डोंगर, पुस्तक आणि पाहुणे : सह्याद्रीची गोष्ट, ग्रोनिंगनहून



ग्रोनिंगनला राहायला आलं की पहिल्या आठवड्यात जाणवते ती इथली सपाटी. सायकल चालवायला उत्तम, पण डोळ्यांना सवय व्हायला वेळ लागतो. मार्टिनी टॉवर चढून गेलं तर नजर पोहोचेल तिथवर कुरणं, कालवे आणि आभाळ! युरोपातल्या नेदरलँड्सचं सर्वात उंच ठिकाण म्हणजे दक्षिणेकडचं फाल्सरबर्ग, उंची ३२२ मीटर. आपलं पुणे शहर समुद्रसपाटीपासून साधारण ५६० मीटरवर आहे. म्हणजे मंडईत भाजी घेणारा पुणेकर या देशातल्या सर्वात उंच टेकडीपेक्षाही वर उभा असतो.

अशा देशात वाढणाऱ्या आपल्या मुलांना 'आजोबांचं गाव डोंगराच्या पायथ्याशी आहे' हे वाक्य नुसतं सांगून कळत नाही. सुट्टीत आल्प्स पाहून आलेल्या मुलांना तर सह्याद्री हा 'छोटा, बर्फ नसलेला आल्प्स' वाटतो. म्हणून या लेखात सह्याद्रीबद्दल तीन अंगांनी सांगायचं आहे : तिथे जाणारे, त्याच्यावर लिहिणारे आणि त्याला राखणारे. ही तीन माणसं वेगवेगळी वाटली तरी त्यांची कामं एकमेकांत गुंतलेली आहेत. एकाने लिहिलं की दहाजण जातात. दहाचे दहा हजार झाले की राखायची वेळ येते. आणि राखायचं कोणी, कसं, हे ठरवताना पुन्हा कोणाला तरी लिहावं लागतं. या चक्रात परदेशात राहणाऱ्या आपल्यासारख्यांचाही हात आहे, तो कसा ते शेवटी पाहू.

सह्याद्री आहे तरी कसा?

आल्प्स आणि हिमालय हे जमिनीला घड्या पडून वर आलेले पर्वत. महाराष्ट्रातल्या सह्याद्रीचा जन्म वेगळा. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी इथे जमिनीच्या भेगांतून लाव्हा बाहेर आला, पसरला, थंड झाला; त्यावर पुन्हा नवा थर. असे थरावर थर साचून दख्खनचं पठार तयार झालं. त्या पठाराची पश्चिमेकडची तुटलेली, झिजलेली कड म्हणजे सह्याद्री. म्हणूनच आपल्या डोंगरांना टोकदार शिखरांपेक्षा पायऱ्या, सपाट माथे आणि सरळ तुटलेले कडे जास्त. तापीच्या दक्षिणेपासून कन्याकुमारीपर्यंत ही रांग सुमारे १,६०० किलोमीटर जाते. महाराष्ट्रातलं सर्वोच्च शिखर कळसूबाई, १,६४६ मीटर.

या रचनेमुळे आपल्या भाषेत डोंगराच्या प्रत्येक भागाला स्वतंत्र नाव आहे. सरळ तुटतो तो कडा. किल्ल्याच्या माथ्याखाली सपाटी असते ती माची. माचीच्या वर बालेकिल्ला. डोंगरातून खाली उतरत गेलेली धार म्हणजे सोंड. दोन डोंगरांमधली खाच ती खिंड. पाणी उतरतं ती अरुंद, दगडांनी भरलेली वाट म्हणजे नाळ. कोकणात वरची उघडी खडकाळ सपाटी म्हणजे सडा. पाण्यासाठी कातळात खोदलेलं ते टाकं. मुलांना मराठी शिकवताना हे शब्द चित्र काढून सांगून पाहा. डच भाषेत पाण्याच्या वाटांना जितकी नावं आहेत, जवळपास तितकी आपल्याकडे दगडाला आहेत!

आणखी एक गंमत. 'घाट' म्हणजे मुळात डोंगर चढण्या-उतरण्याची वाट. बोरघाट, थळघाट, नाणेघाट या सगळ्या वाटा. इंग्रजांनी तो शब्द उचलला आणि संपूर्ण पर्वतरांगेलाच लावला. आज 'पश्चिम घाट' हे नाव सरकारी कागदोपत्री चालतं, पण गावातला माणूस अजूनही 'घाट उतरून कोकणात गेलो' असंच म्हणतो.

या वाटांवर माणसाची ये-जा फार जुनी. जुन्नरजवळच्या नाणेघाटात सातवाहनांचा ब्राह्मी लिपीतला शिलालेख आहे. राणी नागनिकेच्या नावाशी जोडलेला हा प्राकृत लेख दोन हजार वर्षांहून जुना मानला जातो आणि त्यात यज्ञ व दानांची नोंद आहे. घाटाच्या तोंडाशी एक भला मोठा दगडी रांजण आहे. व्यापाऱ्यांकडून घेतलेली जकात त्यात टाकत, असं परंपरेने सांगतात. म्हणजे डोंगर, प्रवासी आणि लेखन यांची गाठ तेव्हापासूनची आहे.

आधी साहेब आला

मौजेसाठी डोंगरावर जाणं मात्र बरंच अलीकडचं. आपली माणसं पूर्वी डोंगर चढायची ती देवासाठी, व्यापारासाठी किंवा लढाईसाठी. थंड हवा खायला वर जाण्याची पद्धत इंग्रजांनी रुजवली. १८२८-२९ च्या सुमारास मुंबईचे गव्हर्नर सर जॉन माल्कम यांनी महाबळेश्वरला वसाहत उभारली. १८५० मध्ये ठाण्याचे कलेक्टर ह्यू मॅलेट यांनी माथेरान शोधलं. 'शोधलं' हे अर्थात साहेबाच्या बाजूने. डोंगरात राहणाऱ्या ठाकर, धनगर, कातकऱ्यांना ते डोंगर ठाऊक होतेच. १९०७ मध्ये आदमजी पीरभॉय कुटुंबाने नेरळ-माथेरान छोटी रेल्वे सुरू केली आणि मुंबईच्या मध्यमवर्गाला डोंगर परवडू लागला.

माथेरानने एक गोष्ट मात्र जपली. गावात मोटारींना बंदी. पुढे २००१ मध्ये महाबळेश्वर-पाचगणी आणि २००३ मध्ये माथेरान हे परिसर केंद्र सरकारने 'पर्यावरणीयदृष्ट्या संवेदनशील' म्हणून जाहीर केले. ज्या डोंगरांवर पर्यटन सर्वात आधी पोहोचलं, त्यांनाच संरक्षणाची गरज आधी पडली, हे लक्षात घेण्यासारखं आहे.

मग लिहिणारे आले

किल्ल्यांची गोष्ट निराळी. १८१८ नंतर इंग्रजांनी किल्ले ओस पाडले आणि पुढची कित्येक वर्षं ते रानात हरवले. महात्मा फुल्यांचा शिवाजी महाराजांवरचा पोवाडा १८६९ मध्ये प्रसिद्ध झाला. १८८३ मध्ये जेम्स डग्लस नावाच्या इंग्रज लेखकाने मुंबईवरच्या आपल्या पुस्तकात रायगडावरील शिवाजी महाराजांच्या समाधीच्या दुरवस्थेबद्दल लिहिलं आणि महाराष्ट्राच्या जिव्हारी ते लागलं. वर्तमानपत्रांत चर्चा झाली. १८९५ मध्ये लोकमान्य टिळकांच्या पुढाकाराने पुण्यात सभा होऊन निधी जमू लागला. १८९६ मध्ये रायगडावर उत्सव झाला. समाधीचा जीर्णोद्धार व्हायला १९२० चं दशक उजाडलं, पण सुरुवात झाली ती लिहिलेल्या शब्दापासून.

यानंतर ज्यांचं नाव घ्यायलाच हवं ते गोपाल नीलकंठ दांडेकर, म्हणजे आपले गो. नी. दांडेकर (१९१६-१९९८). जन्म विदर्भातल्या परतवाड्याचा, संसार तळेगाव दाभाड्याचा आणि जीव अडकलेला गडकोटांत. त्यांनी किल्ल्यांची वर्णनं लिहिलीच, पण त्याहून मोठं काम म्हणजे डोंगरात राहणारी माणसं कादंबरीत आणली. 'पवनाकाठचा धोंडी'मध्ये तुंग किल्ल्याच्या परिसरातला धोंडी हवालदार आहे. 'जैत रे जैत'मध्ये ठाकरवाडीतला ढोल वाजवणारा नाग्या आणि लिंगोबाच्या डोंगरावरची राणी माशी आहे. डॉ. जब्बार पटेल यांनी १९७७ मध्ये त्यावर चित्रपट काढला. स्मिता पाटील, मोहन आगाशे आणि हृदयनाथ मंगेशकरांचं संगीत. गीतं लिहिली ना. धों. महानोरांनी, जे स्वतः अजिंठ्याच्या डोंगरांजवळच्या पळसखेड्याचे शेतकरी. म्हणजे एका डोंगराची गोष्ट दुसऱ्या डोंगराजवळच्या कवीने गाण्यात बांधली.

आपल्यासाठी विशेष जवळचं पुस्तक म्हणजे 'माचीवरला बुधा'. मुंबईत राहिलेला म्हातारा बुधा शहर आणि मुलाचं घर सोडून राजमाचीच्या माचीवर, आपल्या मूळ जागी परत जातो आणि झाडं, पाखरं, जनावरं यांच्या सोबतीने राहतो. एवढीच गोष्ट. पण ज्यांनी गाव सोडलं आहे त्यांना ती जरा जास्तच भिडते. गोनीदा बुधाला देवमाणूस करत नाहीत. त्याला भूक लागते, तो थकतो, एकटा पडतो. तरी हे पुस्तक वाचलेला माणूस राजमाचीला जातो तेव्हा फक्त श्रीवर्धन आणि मनरंजन हे दोन बालेकिल्ले पाहून परत येत नाही. ही माची कोणाची तरी आहे, हे त्याच्या ध्यानात राहतं.

ललित लेखनाबरोबर माहितीपर पुस्तकंही आली. प्र. के. घाणेकर हे वनस्पतिशास्त्राचे अभ्यासक. त्यांच्या पुस्तकांत किल्ल्याचा इतिहास असतो आणि वाटेवरचं झाडही असतं. आनंद पाळंदे यांच्या 'डोंगरयात्रा'ने कोणती वाट कुठून चढते, पाणी कुठे मिळतं हे नेमकं सांगितलं. पुढे मिलिंद गुणाजींच्या 'भटकंती'ने कधी डोंगर न चढलेल्या घरांतही सह्याद्री पोहोचवला. इंटरनेट आल्यावर डोंबिवलीच्या ट्रेकक्षितिजसारख्या संस्थांनी किल्ल्यांची माहिती मराठीत सगळ्यांसाठी खुली केली. पूर्वी जी वाट विचारायला गावातल्या पाटलाच्या ओट्यावर टेकावं लागायचं, ती आता फोनवर दिसते. सोय झाली, हे खरंच. पण ओट्यावर टेकणं गेलं, आणि त्याबरोबर गावाशी होणारी ओळखही गेली.

राखणारे : देवराईपासून युनेस्कोपर्यंत

डोंगर राखायची आपली सर्वात जुनी पद्धत म्हणजे देवराई. गावाच्या देवाच्या नावाने सोडलेलं रान. तिथे कुऱ्हाड लावायची नाही, काही ठिकाणी तर वाळलेली काटकीसुद्धा उचलायची नाही. भीमाशंकरजवळच्या आहुप्याची देवराई प्रसिद्ध आहे. १९७० च्या दशकात डॉ. माधव गाडगीळ आणि डॉ. वा. द. वर्तक यांनी महाराष्ट्रातल्या देवरायांचा अभ्यास करून जगासमोर मांडला. ज्याला अनेकजण अंधश्रद्धा म्हणत होते, त्यात पाण्याचे झरे, दुर्मिळ झाडं आणि वेली टिकून आहेत, हे त्यातून कळलं.

नंतर सरकारी संरक्षण आलं. १९८५ मध्ये भीमाशंकर अभयारण्य झालं. तिथला शेकरू, म्हणजे झाडावरून झाडावर झेप घेणारी ती मोठी तांबूस खार, महाराष्ट्राचा राज्यप्राणी आहे. २०१० मध्ये कोयना आणि चांदोली मिळून सह्याद्री व्याघ्र प्रकल्प झाला. २०१२ मध्ये युनेस्कोने पश्चिम घाटातल्या ३९ जागा जागतिक वारसा म्हणून निवडल्या. त्यांत महाराष्ट्रातल्या चार : कास पठार, कोयना, चांदोली आणि राधानगरी. आणि जुलै २०२५ मध्ये 'मराठा लष्करी भूप्रदेश' या नावाने बारा किल्ले जागतिक वारसा यादीत गेले. त्यांत साल्हेर, शिवनेरी, लोहगड, रायगड, राजगड, प्रतापगड आणि पन्हाळा हे डोंगरी किल्ले, काही सागरी किल्ले आणि तामिळनाडूतला जिंजी आहे.

एवढी नावं झाली, पण खरी अडचण वेगळीच आहे. डोंगरात माणसं राहतात. चांदोलीचं रान राखताना आतल्या गावांना घरं सोडावी लागली. त्याआधी कोयना धरणाने किती गावं उठवली ते आपल्यापैकी सातारा-पाटणकडच्या मंडळींना सांगायला नको. म्हणून राखण करायची तर ती कोणाच्या जिवावर, हा प्रश्न प्रत्येक वेळी उभा राहतो.

गाडगीळांच्या अध्यक्षतेखालच्या समितीने २०११ मध्ये अहवाल दिला. संपूर्ण पश्चिम घाट संवेदनशील धरून त्याचे तीन स्तर करावेत आणि कुठे काय करायचं ते ठरवताना ग्रामसभांना विचारावं, असा त्याचा गाभा होता. राज्यांनी विरोध केला. मग अंतराळशास्त्रज्ञ डॉ. के. कस्तुरीरंगन यांच्या गटाने २०१३ मध्ये दुसरा अहवाल दिला. त्यात सुमारे ३७ टक्के, म्हणजे जवळपास ६० हजार चौरस किलोमीटर क्षेत्रच संवेदनशील धरलं. त्यावर आधारित पहिला मसुदा मार्च २०१४ मध्ये निघाला आणि जुलै २०२४ मध्ये निघाला तो सहावा मसुदा! त्यात महाराष्ट्राचं सुमारे १७,३४० चौरस किलोमीटर क्षेत्र आहे. दहा वर्षांत सहा मसुदे, यावरून ओढाताण किती ते कळावं. एकीकडे खाणी, रस्ते आणि बंगले. दुसरीकडे 'आमच्याच शेतात आम्हाला घर बांधता येणार नाही का?' असं विचारणारा शेतकरी.

राखण म्हणजे फक्त रान राखणं नव्हे, हे अकोले तालुक्यातल्या कोंभाळण्याच्या राहीबाई पोपेरे यांनी दाखवलं. कळसूबाईच्या परिसरातल्या या महादेव कोळी समाजाच्या बाईंनी देशी भात, वाल, भाज्या यांचं बियाणं घरात जपलं. २०२० मध्ये त्यांना पद्मश्री जाहीर झाली. डोंगरउतारावरचं जुनं वाण हासुद्धा वारसाच.

पाहुणे जास्त झाले की

आता कास पठाराकडे पाहू. साताऱ्यापासून सुमारे २५ किलोमीटरवर, १,२०० मीटर उंचीवरचा हा सडा. मातीचा थर अगदी पातळ, खाली जांभा खडक. उन्हाळ्यात पाहिलं तर उजाड माळ. पण ऑगस्टच्या अखेरीपासून ऑक्टोबरच्या सुरुवातीपर्यंत इथे तेरडा, सोनकी, गेंद, सीतेची आसवं, सातारी तुरा अशी फुलं उमलतात. कारवी तर सात वर्षांतून एकदा. या पठारावर सुमारे ८५० प्रकारच्या सपुष्प वनस्पतींची नोंद आहे.

वर्तमानपत्रांत फोटो छापून आले, युनेस्कोचं नाव लागलं आणि गाड्यांच्या रांगा लागल्या. फोटोसाठी लोक फुलांवर बसू लागले. मग वनविभाग आणि कास, आटाळी, एकीव, कासाणी अशा भोवतालच्या गावांच्या समित्यांनी मिळून शुल्क, आगाऊ नोंदणी आणि रोजची मर्यादा असे नियम केले. हंगामात गावातल्या मुला-मुलींना काम मिळालं. ही चांगली बाजू. पण पठाराला जाळीचं कुंपण घातलं तेव्हा गुरं चरायची थांबली. गवत उंच वाढतं आणि लहान फुलं झाकली जातात, अशी तक्रार झाली. पुढे ते कुंपण काढलं गेलं. म्हणजे ज्या गुरांना आपण फुलांचे शत्रू समजत होतो, ती या माळाच्या व्यवस्थेचा भाग होती. गावकऱ्यांना आधीच विचारलं असतं तर?

सगळीकडे कासइतकी व्यवस्थाही नाही. पावसाळ्यातल्या रविवारी लोहगडाच्या पायऱ्यांवर पाऊल ठेवायला जागा नसते. मे अखेरीला काजवे पाहायला भंडारदरा आणि राजमाचीकडे एवढ्या गाड्या जातात की त्यांच्या दिव्यांनी काजवेच दिसेनासे होतात. काजवे आपल्या जोडीदाराला उजेडानेच खुणावतात, हे लक्षात घेतलं तर त्या हेडलाइटचा त्रास कळतो. जून २०२४ मध्ये लोणावळ्याच्या भुशी धरणाजवळ धबधब्यात एकाच कुटुंबातली पाच माणसं वाहून गेली.

आणि डोंगर स्वतः कोसळतो तेव्हा पाहुणे घरी असतात, गावकरी तिथेच असतात. ३० जुलै २०१४ ला आंबेगाव तालुक्यातलं माळीण गाव दरडीखाली गेलं, सुमारे दीडशे माणसं गेली. २२ जुलै २०२१ ला महाडजवळ तळीये. १९ जुलै २०२३ च्या रात्री इर्शाळवाडी. इर्शाळगडाच्या कुशीतली ठाकरवाडी, जिथून ट्रेकर मंडळी पुढे गडावर जायची. ऐंशीहून अधिक माणसं मृत किंवा बेपत्ता झाली. रस्ता नसल्यामुळे मदत पायी चढून न्यावी लागली, आणि त्या कामात स्थानिक गिर्यारोहक उतरले होते. गडाच्या वाटा पायाखालच्या असल्याचा त्या रात्री उपयोग झाला.

अशा दुर्घटनांचं तात्कालिक कारण मुसळधार पाऊसच. पण उतार कापून केलेले रस्ते, सपाटीकरण, तोडलेली झाडं यांनी धोका किती वाढतो यावर दर वेळी वाद होतो, आणि पुढचा पावसाळा येईपर्यंत तो विसरला जातो.

सपाट देशाकडून काय घ्यावं?

तुम्ही म्हणाल, ज्यांच्याकडे डोंगरच नाही त्यांच्याकडून डोंगराबद्दल काय शिकायचं? पण नेदरलँड्सनेही हेच चक्र पाहिलं आहे.

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीला याक टाइसे आणि एली हाइमन्स या दोन शिक्षकांनी साध्या डच भाषेत निसर्गावर पुस्तकं लिहायला सुरुवात केली. पुढे फरकाडे या बिस्किट कंपनीने टाइसे यांच्या लेखनाचे अल्बम काढले. बिस्किटांच्या पुड्यात चित्र मिळायचं, ते मुलांनी अल्बममध्ये चिकटवायचं. ॲमस्टरडॅम शहराने नार्डरमेर तळ्यात कचरा टाकायचा बेत केला तेव्हा त्याला विरोध करून १९०५ मध्ये नाट्यूरमोन्युमेंटन ही संस्था उभी राहिली आणि पुढच्याच वर्षी तिने ते तळं विकत घेतलं. टाइसे तिच्या संस्थापकांपैकी एक. वाचणारी मुलं मोठी झाली आणि संस्थेची सभासद झाली. आपल्या मुलांच्या शाळांतही टाइसे यांचं नाव ऐकू येतं.

दुसरं उदाहरण तर आपल्या दाराशी आहे. ग्रोनिंगनच्या उत्तरेला पीटरब्यूरन गावापासून सुरू होणारी 'पीटरपाड' ही पायवाट सुमारे ५०० किलोमीटर चालत थेट मास्ट्रिख्टजवळच्या सिंट पीटर्सबर्ग टेकडीपर्यंत जाते. टोस खोरहाउस-ट्याल्स्मा आणि बेर्ट्ये येन्स या दोन मैत्रिणींनी जुन्या वाटा जोडून ती आखली आणि १९८३ मध्ये ती खुली झाली. सपाट प्रदेशातल्या माणसाने डोंगराकडे चालत जायची ती वारीच म्हणा ना! वाटेतल्या छोट्या गावांत चालणाऱ्यांना खोल्या मिळतात, जेवण मिळतं, पैसा गावात राहतो. गंमत म्हणजे ज्या टेकडीपाशी ही वाट संपते ती टेकडी सिमेंटसाठी वर्षानुवर्षं खणली जात होती. ते खणणं २०१८ मध्ये थांबलं.

आणि ग्रोनिंगनचे 'डोंगर'? समुद्राच्या भरतीपासून वाचायला इथल्या लोकांनी शेणमाती आणि चिखल टाकून जे उंचवटे रचले त्यांना इथे 'वीर्दे' म्हणतात. काही दोन हजार वर्षांहून जुने. एकोणिसाव्या आणि विसाव्या शतकात त्यांची माती सुपीक म्हणून खणून विकली गेली आणि कित्येक उंचवटे अर्धे कापले गेले. एझिंगे गावात १९२३ ते १९३४ या काळात पुरातत्त्वज्ञ फान खिफन यांनी उत्खनन केलं, त्यावर लिहिलं, आणि आपण काय विकतो आहोत ते लोकांना कळलं. आज तिथे छोटं संग्रहालय आहे. मुलांना एखाद्या रविवारी जरूर न्या आणि देवराईची गोष्ट तिथेच सांगा.

वाडन समुद्रातलं 'वाडलोपन' म्हणजे ओहोटीला चिखलातून चालणं, तेही इथे जाणत्या वाटाड्याबरोबर करतात. भरतीची वेळ त्याला कळते म्हणून. कोणाला त्यात कमीपणा वाटत नाही. मग सह्याद्रीत गावातल्या वाटाड्याचे पैसे वाचवून फोनवरच्या नकाशावर विसंबायची आपल्याला एवढी घाई का असते?

यात आपला वाटा काय?

आपण वर्षा-दोन वर्षांतून एकदा जातो, थोडे दिवस असतो, आणि चार पैसे खर्च करायची तयारी असते. म्हणूनच 'डोंगराच्या कुशीत, धबधब्याशेजारी स्वप्नातलं घर' अशा जाहिराती आपल्याकडे येतात. म्हणून काही गोष्टी ध्यानात ठेवाव्यात.

१. जमीन घेताना थांबा. भारताच्या परकीय चलन नियमांप्रमाणे अनिवासी भारतीयांना शेतजमीन, मळा किंवा फार्महाऊस विकत घेता येत नाही. वारसाने आलेली जमीन ठेवता येते. बिगरशेती प्लॉट घेता आला तरी उतार किती कापला आहे, ओढा बुजवला आहे का, क्षेत्र संवेदनशील यादीत येतं का, हे वकिलाकडून आणि शेजारच्या गावातून विचारून घ्या. कापलेल्या उतारावरचं घर वरच्या आणि खालच्या दोन्ही वस्त्यांना धोक्याचं असतं.

२. गावात उतरा, गावात जेवा. राजमाची, भंडारदरा, हरिश्चंद्रगडाच्या वाटेवरच्या गावांत घरगुती राहण्या-जेवण्याची सोय होते. पिठलं-भाकरीचे पैसे थेट त्या घरात जातात. पाहुण्यामुळे दोन पैसे मिळतात तेव्हा रान राखणं त्या घरालाही परवडतं.

३. वाटाड्या घ्या आणि त्याचं ऐका. 'पाऊस आहे, नाळेत उतरू नका' असं तो म्हणाला तर परत फिरा. गड पुढच्या वर्षीही तिथेच असेल.

४. गर्दीचा वार टाळा. आपण सुट्टीवरच असतो, मग रविवारच कशाला? कासला आधी नोंदणी करूनच जा, काजव्यांकडे गाडीचे दिवे आणि फोनचे फ्लॅश बंद ठेवून जा. प्लास्टिक नेलं तितकं परत आणा. इथे आपण बाटली परत करून पैसे घेतो, ती सवय विमानतळावर सोडून जाऊ नका!

५. जाण्याआधी वाचा. मोठ्यांनी 'माचीवरला बुधा', लहानांना त्यातला एखादा भाग मोठ्याने वाचून दाखवा. नंतर राजमाची पाहा. न वाचता पाहिलेली माची आणि वाचून पाहिलेली माची यांत फरक पडतो.

आणि एक विनंती. सह्याद्रीतल्या मोठ्या गडांवर पुस्तकं आहेत, पण तुमच्या-आमच्या गावामागच्या टेकडीवर नाहीत. तिचं नाव काय, ते कसं पडलं, देवराई कोणत्या देवाची, तिच्यात कोणती झाडं, उन्हाळ्यात पाणी कुठल्या झऱ्याचं, पूर्वी घाट कुठून उतरायचे, हे ज्या आजी-आजोबांना ठाऊक आहे ते आज ऐंशीच्या घरात आहेत. पुढच्या फोनमध्ये तब्येतीची चौकशी झाली की हे प्रश्न विचारा आणि उत्तरं लिहून ठेवा, मुलांकडून लिहून घेतली तर फारच छान. उद्या त्या टेकडीवर खाणीची किंवा बंगल्यांची नोटीस लागली आणि ग्रामसभेत कोणी विचारलं, 'तिथे आहे काय एवढं?' तर दाखवायला एक कागद तरी हवा. एकेक पान लिहून पाठवा, आपल्या पुढच्या अंकात आनंदाने छापू.